एसटीपीचे मालक बदलत गेले. डब्यावरच्या नावाला उत्तरदायी कोण राहिले?

वंगणमित्र (धागाकर्ता)

इंजिन ऑइलमध्ये वरून घालायच्या पूरक द्रव्यांच्या व्यवसायात एसटीपीइतके ओळखीचे नाव क्वचितच असेल, आणि इतक्या वेळा या हातातून त्या हातात गेलेले नावही क्वचितच असेल. 1953 मध्ये अमेरिकेतील मिसूरी राज्यात, सेंट जोसेफ येथे, तीन व्यावसायिकांनी 3,000 डॉलरच्या भांडवलावर हे उत्पादन सुरू केले. 1961 मध्ये ते स्टुडबेकर-पॅकार्ड या मोटारनिर्मात्या कंपनीने घेतले. पुढे 1978 मध्ये एस्मार्क, 1984 मध्ये एस्मार्कलाच गिळणारी बीट्रिस, त्यानंतर युनियन कार्बाइड, 1986 मध्ये फर्स्ट ब्रँड्स, 1999 मध्ये क्लोरॉक्स, 2010 मध्ये अविस्टा कॅपिटल पार्टनर्स, 2015 मध्ये स्पेक्ट्रम ब्रँड्स आणि 2019 पासून एनर्जायझर अशी ही परंपरा आहे.

या यादीत मोटारीशी थेट संबंध असलेला मालक एकच आहे, तो म्हणजे स्टुडबेकर. एस्मार्क आणि बीट्रिस यांचा मुख्य व्यवसाय खाद्यपदार्थांचा होता, क्लोरॉक्सची ओळख कपडे शुभ्र करणाऱ्या द्रावणाची आहे आणि एनर्जायझर बॅटऱ्या बनवते. माझे मत असे आहे की, ज्या उत्पादनाचा परिणाम ग्राहकाला डोळ्यांनी दिसत नाही, त्याच्या बाबतीत मालकाचे विषयज्ञान हीच खरी हमी असते. साबणाने मळ निघाला की नाही हे कोणालाही कळते. इंजिनाच्या आतील झीज कमी झाली की नाही हे इंजिन उघडल्याशिवाय कळत नाही. म्हणून अशा नावाची मालकी वंगणाशी संबंध नसलेल्या समूहांकडे जात राहणे ग्राहकाच्या हिताचे नाही, असे मला वाटते.

रसायनी

आपण दिलेला क्रम मान्य आहे, पण त्यातून काढलेला निष्कर्ष मला पटत नाही. एसटीपी ऑइल ट्रीटमेंट हा मूलतः तेलाचा दाटपणा वाढवणारा पदार्थ होता: खनिज तेलात विरघळवलेले लांब साखळीचे पॉलिमर आणि त्यासोबत झीज रोखणारी जस्त व फॉस्फरसची संयुगे. जुन्या, सैल झालेल्या इंजिनात पातळ तेल पिस्टनच्या कड्यांवरून वर जाऊन जळत असे, तेथे दाट तेलाने धूर आणि आवाज कमी होत असे. हे रसायनशास्त्र मालकाच्या नावाने बदलत नाही. या द्रव्यांचे मूळ घटक मोजक्याच मोठ्या रसायन कंपन्या तयार करतात आणि बहुतेक नाममुद्रांचे मालक ते विकत घेऊन त्यांचे मिश्रण करतात. अशा वेळी मालक बॅटरी विकतो की बिस्किटे, याने डब्यातील द्रवाचा एक थेंबही बदलत नाही.

उत्पादनाचे महत्त्व कमी झाले असेल, तर त्याचे कारण इंजिन ऑइल स्वतःच सुधारले हे आहे. आजच्या बहुदर्जी (थंडीत आणि उष्णतेत दोन्हीकडे चालणाऱ्या) तेलात दाटपणा सांभाळणारे पॉलिमर, मळ धुणारी द्रव्ये आणि झीजरोधके कारखान्यातच मोजून घातलेली असतात. शिवाय फॉस्फरसमुळे कॅटॅलिटिक कन्व्हर्टर, म्हणजे धुरातील घातक वायू कमी करणारा भाग, निकामी होतो म्हणून त्याच्या प्रमाणावर वरची मर्यादा आली. इंजिन ऑइलच्या 2004 च्या जीएफ-4 या मानकाने ती वजनाच्या 0.08 टक्के ठरवली. ज्याला तेल आणि इंजिन दोन्ही कळतात असा मालक लाभला असता, तरी त्याला याच मर्यादेत राहावे लागले असते.

ताळेबंद

मला धागाकर्त्यांच्या पहिल्याच गृहीतकावर आक्षेप आहे. ज्या काळाला आपण मोटार जाणणाऱ्या मालकाचा काळ म्हणता, तोच या नावाचा जाहिरातींच्या दृष्टीने सर्वांत बेफाम काळ होता. 1963 मध्ये अँडी ग्रॅनाटेली यांच्या हाती सूत्रे आली. ते हाडाचे शर्यतवाले होते, आणि त्यांनी एसटीपीची लंबवर्तुळाकार खूण शर्यतीच्या मैदानावर सर्वत्र पोहोचवली. 1967 च्या इंडियानापोलिस 500 या अमेरिकेतील मोटारशर्यतीत पार्नेली जोन्स यांची टर्बाइनवर चालणारी मोटार सर्वांच्या पुढे असताना अखेरच्या काही फेऱ्यांत गिअरबॉक्समधील एका बेअरिंगमुळे थांबली, आणि 1969 मध्ये मारिओ आंद्रेत्ती यांनी ग्रॅनाटेलींच्या संघाकडून तीच शर्यत जिंकली. या सगळ्याचा मला आदर आहे. पण त्याच काळातील जाहिरातीत एसटीपीत बुडवलेला स्क्रूड्रायव्हर चिमटीत धरता येत नाही, असे प्रात्यक्षिक दाखवले जात असे. बोटांतून निसटणे आणि बेअरिंगची झीज थांबणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे इंजिन जाणणाऱ्या त्या माणसांना निश्चितच ठाऊक होते.

परिणामी 1976 मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने, म्हणजे फसव्या जाहिरातींवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी संस्थेने, कंपनीच्या दाव्यांवर बंधने घालणारा आदेश काढला, आणि 1978 मध्ये 7,00,000 डॉलरचा समझोता झाला. त्यातील 5,00,000 डॉलर हा दंड होता. उरलेले 2,00,000 डॉलर, आपल्या पूर्वीच्या जाहिरातींची चौकशी होऊन हा समझोता झाला आहे, असे जाहीर निवेदन वृत्तपत्रांत आणि नियतकालिकांत छापण्यासाठी खर्च करायचे होते. तेव्हा विषयज्ञान असलेला मालक प्रामाणिक असतोच, हे गृहीत धरता येत नाही.

वंगणमित्र

ताळेबंद, आपला मुद्दा मी मनापासून मान्य करतो. मालकाचे विषयज्ञान आणि त्याचा प्रामाणिकपणा यांची मी गल्लत केली. ग्रॅनाटेलींच्या काळाविषयी मला लहानपणापासून जिव्हाळा आहे. शर्यतपटू रिचर्ड पेटी यांच्या मोटारीवर त्यांचा निळा आणि एसटीपीचा लाल असे दोन्ही रंग का आले, तर पूर्ण लाल रंगाला पेटी तयार झाले नाहीत, ही 1972 ची गोष्ट मला आजही आवडते. त्या जिव्हाळ्याने माझा निर्णय झाकोळला असेल.

तरीही माझा मूळ प्रश्न मी सोडत नाही, फक्त दुरुस्त करतो. स्टुडबेकरने 1963 च्या डिसेंबरमध्ये साउथ बेंडचा कारखाना आणि 1966 च्या मार्चमध्ये कॅनडातील हॅमिल्टनचा कारखाना बंद केला. मोटार बनवणारी कंपनी मोटारीतून बाहेर पडली आणि तेलात घालायचा डबा मात्र उरला. त्यानंतरच्या व्यवहारांत एसटीपी कोणी एसटीपीसाठी घेतले आहे, असे फारसे दिसत नाही. बीट्रिसने एस्मार्क घेतली तेव्हा ते सोबत आले. क्लोरॉक्सने फर्स्ट ब्रँड्स घेतली तेव्हा त्या कंपनीचा मोठा ऐवज ग्लॅड या प्लास्टिक पिशव्यांच्या नावात होता. दुसऱ्याच वस्तूसाठी झालेल्या सौद्यात जे नाव गाठोड्यात बांधून येते, त्याच्या संशोधनावर नवा मालक किती मन घालेल?

जुना_चालक

या प्रश्नाला मी धागाकर्त्यांच्या बाजूने आणखी एक पुरावा जोडतो, कारण युनियन कार्बाइडचा टप्पा येथे फार घाईने ओलांडला गेला आहे. डिसेंबर 1984 मध्ये भोपाळची वायुदुर्घटना घडली. पुढच्या वर्षी, कंपनीच्या समभागांची किंमत घसरलेली असताना, जीएएफ या कंपनीने तिच्यावर ताबा मिळवण्याचा प्रयत्न केला. तो परतवण्यासाठी युनियन कार्बाइडने कर्ज काढून स्वतःचे समभाग परत घेतले आणि ते कर्ज फेडण्यासाठी ग्राहकोपयोगी वस्तूंचे विभाग विकायला काढले. बॅटऱ्यांचा व्यवसाय राल्स्टन प्युरिनाकडे गेला. ग्लॅड, प्रेस्टोन (इंजिन थंड ठेवणाऱ्या द्रवाचे नाव) आणि एसटीपी यांची मिळून 1986 मध्ये फर्स्ट ब्रँड्स ही कर्जाच्या बळावर उभी राहिलेली स्वतंत्र कंपनी झाली. म्हणजे या वंगणाचे भवितव्य ज्या घटनांनी ठरवले, त्यांचा वंगणाशी काडीचाही संबंध नव्हता.

राल्स्टन प्युरिनाकडे गेलेला तो बॅटरी व्यवसाय 2000 मध्ये एनर्जायझर या नावाने वेगळा झाला आणि 2019 मध्ये त्याच एनर्जायझरने एसटीपी विकत घेतले. एका छपराखालून विकली गेलेली दोन भावंडे 33 वर्षांनी पुन्हा एका छपराखाली आली, आणि या भेटीचे निमित्तही वंगण नव्हते. एनर्जायझरला आधी हव्या होत्या त्या स्पेक्ट्रमच्या रेयोव्हॅक आणि वार्टा बॅटऱ्या. मोटारनिगेचा व्यवसाय तिने त्या सौद्यापाठोपाठ घेतला.

ताळेबंद

हा तपशील मोलाचा आहे, मात्र त्यातून दुर्लक्ष सिद्ध होत नाही. किमती पाहा. 2010 मध्ये आर्मर ऑल (मोटारीच्या निगेच्या वस्तूंचे नाव) आणि एसटीपी मिळून 78 कोटी डॉलरला गेले, 2015 मध्ये स्पेक्ट्रमने सुमारे 140 कोटी डॉलर मोजले आणि एनर्जायझरने 125 कोटी. दुर्लक्षित नावासाठी कोणी एवढे मोजत नाही. एक खुलासा मीच करतो, म्हणजे कोणाची दिशाभूल होणार नाही: मधल्या काळात एसी प्रो हा वातानुकूलन वायूचा व्यवसाय त्यात मिसळला गेला होता, त्यामुळे 78 आणि 140 हे आकडे एकाच वस्तूचे नाहीत.

रसायनी

याच आकड्यांवरून माझे मत थोडे बदलले आहे. प्रत्येक नवा मालक नाव विकत घेताना त्या नावाच्या सद्भावनेची किंमत देतो, सूत्राची नव्हे. सूत्र तर कोणताही चांगला मिश्रणकार तयार करील. दिलेली किंमत वसूल करायची असेल, तर नाव जास्तीत जास्त बाटल्यांवर चिकटवणे हा सर्वांत सोपा मार्ग ठरतो. आज याच खुणेखाली इंधनात घालायची, ऑक्टेन वाढवणारी, इंजेक्टर साफ करणारी अशी कितीतरी द्रव्ये आहेत आणि 1953 च्या मूळ उत्पादनाची ख्याती त्या प्रत्येकावर पडते. धागाकर्त्यांनी विषयज्ञानाऐवजी या फुगवट्यावर बोट ठेवले असते, तर मी पहिल्याच उत्तरात सहमत झालो असतो.

वंगणमित्र

मग उत्तरदायित्वाचे काय, हे विचारतो, कारण शीर्षकात मी तोच शब्द वापरला आहे. 1995 मध्ये फर्स्ट ब्रँड्सने फेडरल ट्रेड कमिशनला 8,88,000 डॉलर भरले, कारण एसटीपीच्या जाहिरातींत 1976 च्या आदेशाचा भंग झाल्याचा आरोप होता. मधल्या 19 वर्षांत एस्मार्क, बीट्रिस आणि युनियन कार्बाइड असे तीन मालक येऊन गेले होते. जाहिराती मंजूर करणाऱ्यांपैकी कितीजणांनी तो जुना आदेश वाचला असेल?

ताळेबंद

माझ्या दृष्टीने हेच उदाहरण आपल्या विरोधात जाते. मालक चार वेळा बदलला तरी आदेश नावाला चिकटून राहिला आणि ज्याच्या ताब्यात नाव होते त्याच्याकडून रक्कम वसूल झाली. कायद्याने उत्तरदायित्व हरवू दिले नाही.

वंगणमित्र

रक्कम वसूल झाली हे खरे आहे, पण ती सरकारकडे जमा झाली. मधल्या 19 वर्षांत ज्याने बाटली उघडून आपल्या इंजिनात ओतली, त्याला डब्यावर ना आदेश दिसला, ना मालक बदलल्याची एक ओळ. किमान चालू मालकाचे नाव आणि प्रत्येक दाव्यामागील चाचणीचे मानक वाचता येईल एवढ्या टाइपात डब्याच्या पुढच्या बाजूवर छापणे सक्तीचे असावे, यावर आपण तिघे सहमत आहात का, हे मला जाणून घ्यायचे आहे.

रसायनी

चाचणीच्या मानकाबाबत पूर्णपणे सहमत. मालकाच्या नावाबाबत अजूनही नाही.