मदत हवी आहे : ‘मेहेर’ हे नाव फारसी की संस्कृत, आणि ते मुलगा-मुलगी दोघांनाही चालते का?

निळीशाई
आम्हाला बाळाचे नाव ‘मेहेर’ ठेवायचे आहे. नावांच्या एका संकेतस्थळावर ते ‘फारसी व संस्कृत, मुलगा-मुलगी दोघांसाठी’ असे दिले आहे, दुसऱ्या ठिकाणी ते फक्त मुलीचे म्हटले आहे आणि तिसऱ्या ठिकाणी त्याचा अर्थ चक्क ‘पाऊस’ असा छापला आहे. आत्याने फोनवर नाव ऐकताच ‘अगं, मेहेर म्हणजे निकाहाच्या वेळी नवरीला द्यायची रक्कम ना?’ असे विचारले आणि तेव्हापासून घरात दोन तट पडले आहेत. नोंदणी कार्यालयाने नावाचा अर्थ, मूळ आणि ते व्यक्तिनाम म्हणून वापरात असल्याचा आधार लेखी मागितला आहे. जाणकारांनी कृपया नेमके सांगावे. दुसरी नावे सुचवू नयेत, आणि उत्तर शक्य तितके लवकर हवे आहे.

दप्तरदार
काळजी करू नये. जन्माची नोंद एकवीस दिवसांत करायची असते, परंतु नाव त्याच वेळी द्यावे लागत नाही. नोंदणीनंतर बारा महिन्यांपर्यंत ते विनाशुल्क घालता येते आणि त्यानंतर विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत सोय आहे. त्यामुळे घाई करण्याचे काहीच कारण दिसत नाही.

पाटीपेन्सिल
दप्तरदारसाहेब, आपल्याकडच्या कोणत्याही नगरपालिकेने आजवर नावाचा अर्थ लेखी मागितल्याचे मी तरी ऐकलेले नाही, त्यामुळे हे कार्यालय भारतातले नसावे. निळीशाई, देश कोणता, मुलगा की मुलगी, आणि रोमन लिपीत नाव कसे लिहिणार आहात, हे सांगितल्याशिवाय कोणी काय उत्तर देणार? ‘मेहर’, ‘मेहेर’ आणि ‘मिहिर’ यांतले नेमके कोणते, हेही स्पष्ट करावे.

पंचांगप्रिय
‘मे’ हे मघा नक्षत्राचे चौथे अक्षर आहे. मा, मी, मू, मे ही मघाची चार चरणाक्षरे होत. बाळाचा जन्म मघावर झाला असेल तर नाव उत्तम आहे, अन्यथा जन्मवेळ कळवावी, म्हणजे योग्य अक्षर काढून देता येईल.

निळीशाई
मी नक्षत्राबद्दल विचारलेले नाही. आम्ही जर्मनीत, कोलोनला राहतो. माझे यजमान शिराझचे आहेत, घरात मराठी आणि फारसी दोन्ही बोलतो, म्हणूनच दोन्हीकडे ओळखीचे वाटेल असे नाव शोधले. मुलगी आहे, पण पुढे दुसरे अपत्य कोणतेही झाले तरी त्याच धर्तीचे नाव ठेवता यावे अशी इच्छा आहे, म्हणून दोघांना चालण्याचा मुद्दा आला. लिहायचे ‘मेहेर’ असेच, मिहिर नव्हे. आता तरी कोणी मूळ प्रश्नाकडे वळेल का?

बखरवाचक
वळतो. ‘मेहेर’ हा शब्द फारसी आहे, संस्कृत नाही. परंतु संस्कृत ‘मित्र’ या शब्दाशी त्याचे रक्ताचे नाते आहे.

प्राचीन इराणी भाषेत, म्हणजे अवेस्ता या पारशी धर्मग्रंथाच्या भाषेत, हा शब्द ‘मिथ्र’ असा होता. पुढे मध्य फारसीत त्याचा ‘मिह्र’ झाला आणि आजच्या इराणमध्ये तो ‘मेह्र’ असा उच्चारला जातो. ‘त्र’च्या जागी ‘ह्र’ येणे हा अपघात नव्हे. संस्कृतातील ‘क्षत्र’ या शब्दाचे इराणी भावंड ‘क्षथ्र’ होते, त्याचे फारसीत ‘शह्र’ झाले आणि आपण त्याला ‘शहर’ म्हणतो. संस्कृत ‘चित्र’ आणि आपला ‘चेहरा’ यांचे नाते नेमके असेच आहे. ‘पुत्र’चे ‘पुह्र’ आणि पुढे ‘पूर’ झाले. इराणच्या सासानी घराण्यातील राजांच्या ‘शापूर’ या नावाचा अर्थ ‘राजपुत्र’ असाच आहे. एकदा ही ओळ लक्षात आली की ‘मित्र’ आणि ‘मेहेर’ यांना वेगळे धरणे अवघड जाते.

अर्थाचा प्रवासही पाहण्यासारखा आहे. अवेस्तात ‘मिथ्र’ म्हणजे करार, दिलेला शब्द, आणि त्या शब्दावर पहारा ठेवणारी देवता. तिला हजार कान आणि दहा हजार डोळे असल्याचे अवेस्तातील मेहेर यश्त या स्तोत्रात म्हटले आहे, कारण कोण वचन मोडतो याकडे तिचे लक्ष असते. वचन मोडणाऱ्याला तेथे ‘मिथ्रोद्रुज्’ म्हणतात, जो आपल्या ‘मित्रद्रोही’ या शब्दाचा सख्खा भाऊ आहे. करारातून जिव्हाळा आणि देवतेतून सूर्य, असे दोन्ही अर्थ पुढे फारसीत स्थिरावले. आज तेथे ‘मेह्र’चे तीन अर्थ आहेत : प्रेम किंवा कृपा, सूर्य, आणि सौर वर्षाचा सातवा महिना. मराठीतील मेहेरबान आणि मेहेरनजर यांतला ‘मेहेर’ तो पहिला. न्यायालयीन कागदांवरच्या ‘मे. कोर्टात’मधील ‘मे.’ हाही मेहेरबानच आहे, हे वकील मंडळींनाही अनेकदा ठाऊक नसते.

देववाणी
बखरवाचकांनी साधी गोष्ट अवघड केली आहे. सर्व भाषांची जननी संस्कृत असल्यामुळे ‘मित्र’वरून ‘मेह्र’ झाला, इतके सांगितले की पुरे. शिवाय संस्कृतात ‘मिहिर’ हा स्वतंत्र शब्द आहेच. अमरकोशात सूर्याच्या नावांमध्ये ‘विकर्तनार्कमार्तण्डमिहिरारुणपूषणः’ असे स्पष्ट आले आहे, आणि वैयाकरण तो शब्द ‘मिह्’ म्हणजे सिंचन करणे या धातूपासून साधतात. सूर्य पाणी शोषून पुन्हा शिंपतो, म्हणून तो मिहिर. तेव्हा नाव संस्कृतच आहे.

पाटीपेन्सिल
‘मिह्’ धातूच धरायचा असेल तर त्याच धातूपासून मेघ झाला आणि त्याच धातूपासून प्रमेह व मधुमेहही झाले. बाळाच्या नावाचे मूळ तेथे नेऊन ठेवण्यापूर्वी थोडा विचार व्हावा. निळीशाईंना दिसलेला ‘पाऊस’ हा अर्थ बहुधा हिंदी-गुजरातीतील ‘मेह’ या शब्दावरून कोणी तरी चिकटवला असावा.

बखरवाचक
देववाणी, अमरकोशाचा आधार बरोबर आहे, निष्कर्ष मात्र नाही. वेदात सूर्याला मिहिर म्हटलेले नाही. तेथे ‘मित्र’ आहे, आणि तिसऱ्या मंडलातले एक संपूर्ण सूक्त त्याचे आहे. ‘मिहिर’ उत्तरकालीन ग्रंथांत येतो आणि तो इराणी ‘मिह्र’ संस्कृताने उसना घेतल्याने आला, असे बहुतेक अभ्यासक मानतात. धातू सांगितल्यानंतर मोनिअर-विल्यम्स यांच्या कोशातही फारसी ‘मिह्र’कडेच बोट दाखवले आहे.

ही उसनवारी कोणत्या वाटेने झाली, याच्या खुणा आहेत. कनिष्काच्या सुरुवातीच्या नाण्यांवर सूर्यदेवाचे नाव ग्रीक भाषेत ‘हेलिओस’ असे होते. पुढे त्याच देवाभोवती बाख्त्री या इराणी कुळातल्या भाषेत ‘मिइरो’ असे कोरले जाऊ लागले. शाकद्वीपाहून आलेल्या मग ब्राह्मणांची, म्हणजे मूळ इराणी मानल्या जाणाऱ्या सूर्यपूजक पुरोहितांची, कथा भविष्य पुराणात आहे, आणि सूर्याच्या मूर्तीची प्रतिष्ठा मगांकडून करवावी असे बृहत्संहितेत सांगणारे सहाव्या शतकातले ज्योतिषी स्वतःच वराह‘मिहिर’ नाव लावतात. त्याच शतकात हूण राजा मिहिरकुल होऊन गेला आणि नवव्या शतकात प्रतिहार राजा मिहिर भोज. तेव्हा ‘मिहिर’ हे संस्कृत नाव आहेच, परंतु त्याचा जन्म इराणी घरातला आहे.

जननीचा मुद्दा म्हणाल, तर अवेस्ताची भाषा आणि वेदांची भाषा या बहिणी आहेत. एकीपासून दुसरी झाली नाही. दोघींची आई एक, आणि तिचे कोणतेही लेखन आपल्या हाती नाही. इसवी सनापूर्वी चौदाव्या शतकातल्या, उत्तर सीरियाच्या भागातील मितान्नी राज्याच्या राजाच्या तहात मित्र, वरुण, इंद्र आणि नासत्य यांची नावे साक्षीदार म्हणून आली आहेत, आणि तो तह आजच्या तुर्कस्तानातील बोगाझकोय येथे सापडला.

देववाणी
तहात नावे वैदिक आहेत, म्हणजे माझेच म्हणणे सिद्ध होते. असो. सूर्यनमस्कारातला पहिला मंत्र ‘ॐ मित्राय नमः’ हाच आहे, एवढे तरी आपण मान्य कराल.

बखरवाचक
ते आनंदाने मान्य आहे, आणि निळीशाईंनी आत्यांना सांगावे असे पहिले वाक्य तेच आहे.

निळीशाई
आत्याचा प्रश्न मात्र अजून तसाच आहे. आणि दोघांना चालते का, याकडे कोणीच आलेले नाही.

दादरकर_पारशी
ताई, आमच्या समाजातले सांगतो. ‘मेहेर’ हे सुटे नाव आमच्याकडे बहुधा मुलीचे असते, परंतु त्याच शब्दावरून मेहेरजी, मेहेरवान, मेहेरनोश ही नावे पुरुषांची आहेत आणि मेहेरबाई हे स्त्रीचे. दोराबजी टाटांच्या पत्नी लेडी मेहेरबाई टाटा सर्वांना ठाऊक आहेत. दुसरीकडे पुण्यात 1894 साली जन्मलेल्या मेरवान शेरियार इराणी यांना त्यांच्या अनुयायांनी ‘मेहेर बाबा’ म्हटले, आणि अहिल्यानगरजवळ त्यांची समाधी असलेले ठिकाण मेहेराबाद म्हणून ओळखले जाते. पंजाबात मेहर सिंग आणि मेहर कौर दोन्ही आढळतात, कारण तेथे पहिले नाव स्त्री-पुरुषांना एकच असण्याची जुनी रीत आहे. तेव्हा दोघांना चालते हे खरे, पण ते इराणपेक्षा हिंदुस्थानात अधिक खरे आहे. तुमच्या यजमानांना विचारा : इराणात मेहरदाद मुलगा, मेहरी मुलगी, आणि मेहरनूश हे नाव, जे आमच्याकडे पुरुष लावतात, तेथे मुलींना ठेवतात. ‘मित्रा’ हे तर तेथे सरळ मुलीचे नाव आहे.

अग्यारीला, म्हणजे आमच्या अग्निमंदिराला, ‘दर-ए-मेहेर’ म्हणतात आणि आम्ही रोज दिवसा खोरशेद न्यायेश या सूर्याच्या प्रार्थनेबरोबर मेहेर न्यायेश म्हणतो, त्यामुळे या नावाला आमच्याकडे पूजेचाही वास आहे. आत्याबाईंना हेही सांगायला हरकत नाही.

बखरवाचक
आत्यांच्या प्रश्नाचे उत्तर असे आहे की ते दोन वेगळे शब्द आहेत. निकाहातील रकमेचा शब्द अरबी असून त्याचा मूळ उच्चार ‘मह्र’ आहे. मराठी वर्तमानपत्रे तो ‘मेहर’ असा छापतात आणि तेथून गोंधळ होतो. फारसी लिपीत ऱ्हस्व स्वर सहसा लिहीत नाहीत, त्यामुळे प्रेम या अर्थाचा ‘मेह्र’, शिक्का या अर्थाचा ‘मोह्र’ आणि ही रक्कम, म्हणजे ‘मह्र’, हे तिन्ही शब्द मीम, हे आणि रे या एकाच तीन अक्षरांनी लिहिले जातात. वाचणारा संदर्भाने ओळखतो. इराणी माणसाच्या मनात नाव ऐकताना रक्कम येत नाही, कारण बोलताना ते तिला ‘मेहरिये’ म्हणतात.

राईनकाठचा_मामा
व्युत्पत्ती झाली असेल तर जर्मनीचे बोलतो, कारण येथे अडचण निराळी आहे. रोमन लिपीत शेवटच्या ‘आर’आधी ‘ई’ न घालता ‘मेहर’ लिहिले तर जर्मन माणूस तो ‘अधिक’ या अर्थाचा शब्द म्हणून वाचेल. ‘ई’ घातले तर उच्चार ‘मेअर’च्या जवळ जातो आणि गवत कापणाऱ्या यंत्राला येथे जो शब्द आहे त्याच्या फार जवळ येतो. शाळेत एखादे वर्ष चिडवतील. माझे स्पष्ट मत असे की ‘मिहिरा’ ठेवावे.

कार्यालयाबाबत सांगायचे तर जन्म एका आठवड्यात कळवावा लागतो आणि नाव तेव्हा ठरले नसेल तर एका महिन्यात द्यावे लागते, त्यामुळे दप्तरदारांची पंधरा वर्षे येथे उपयोगाची नाहीत. नावावरून लिंग कळलेच पाहिजे, असे कोणी कर्मचारी म्हणाला तर कार्ल्सरूहे येथील घटनात्मक न्यायालयाचा 5 डिसेंबर 2008 चा निर्णय दाखवावा. त्या प्रकरणातले नाव आपल्याच ओळखीचे होते : ‘किरण’. भारतीय वंशाच्या वडिलांच्या मुलीला ते ठेवायचे होते, कार्यालयाने लिंग स्पष्ट करणारे आणखी एक नाव मागितले, आणि न्यायालयाने पालकांच्या बाजूने निर्णय दिला. वापराचा आधार लागल्यास लाइपझिग विद्यापीठाची नामसल्लासेवा किंवा वीसबाडेनची जर्मन भाषा संस्था लेखी अभिप्राय देते. त्यासाठी शुल्क पडते.

दप्तरदार
येथेही पंधरा वर्षे असती तर बरे झाले असते.

निळीशाई
दुसरे नाव नको, असे पहिल्याच संदेशात लिहिले होते. गवत कापणाऱ्या यंत्राचा मुद्दा यजमानांना सांगितला, ते दहा मिनिटे हसत होते आणि आता ते याच नावावर अधिकच ठाम झाले आहेत. कार्यालयाला द्यायचा मजकूर असा केला आहे, त्यात काही चूक असल्यास सांगावे :

‘मेहेर हे फारसी व संस्कृत मूळ असलेले नाव असून त्याचा अर्थ सूर्य, प्रेम आणि मैत्री असा होतो. ते भारत व इराण येथे स्त्री-पुरुष दोघांसाठी वापरले जाते.’

बखरवाचक
‘फारसी व संस्कृत मूळ’ याऐवजी ‘मूळ फारसी, संस्कृत मित्र या शब्दाशी सजातीय’, म्हणजे एकाच मूळ शब्दापासून आलेले, असे लिहावे. संकेतस्थळाचे विधान अर्धे खरे आहे आणि अभिप्राय देणारा भाषाशास्त्रज्ञ ते लगेच पकडेल. मैत्री हा अर्थही संस्कृत बाजूचा आहे. फारसीसाठी सूर्य, प्रेम आणि कृपा पुरेसे आहेत.

दादरकर_पारशी
आणि ‘भारत व इराण येथे दोघांसाठी’ हे तोडून लिहा. भारतात दोघांसाठी, इराणात हा शब्द स्त्री आणि पुरुष दोघांच्या नावांचा घटक म्हणून येतो. तेवढेच छातीठोकपणे सांगता येते.

राईनकाठचा_मामा
एक गोष्ट राहिली. वडील इराणी असल्यामुळे मुलीचे इराणी नागरिकत्व जन्मतःच येते आणि पुढे तेथील ओळखपुस्तिका काढावी लागेल. इराणचा नोंदणी कायदा लिंगाला न शोभणारी नावे मनाई करतो. मुलीसाठी ‘मेहेर’ला अडचण येऊ नये असे वाटते, परंतु जर्मन दाखल्यावर सही करण्यापूर्वी वकिलातीला विचारून घ्यावे, कारण दोन देशांच्या कागदांवर दोन नावे झाली की ती जुळवताना दोन्हीकडे खेटे घालावे लागतात. धाकट्याच्या वेळी, तो मुलगा असल्यास, हा प्रश्न अधिक टोकदार होईल.

निळीशाई
वकिलातीत सोमवारी फोन करते. मजकूर दोघांनी सांगितल्याप्रमाणे बदलला आहे.

पंचांगप्रिय
जन्मवेळ अजून कळलेली नाही. कोलोनची वेळ असल्यास तसे लिहावे, भारतीय वेळ मी काढून घेईन.