इसार देणाऱ्याला स्टे मिळावा की नाही?

बेसावाला : नागपुरात हुडकेश्वरकडच्या १,५०० चौरस फुटांच्या प्लॉटचं इसारपत्र मागच्या वर्षी नोंदवलं. चार लाख दिले, त्यासाठी बायकोच्या पाटल्या मोडल्या. नासुप्रचं (नागपूर सुधार प्रन्यास) आरएल, म्हणजे प्लॉट नियमित झाल्याचं पत्र, आलं की विक्रीपत्र, असं ठरलं होतं. आरएल आलं आणि मालक फोन उचलेनासा झाला. परवा गेलो तर दोन माणसं टेप धरून तोच प्लॉट मोजत होती. दावा टाकला, सोबत मनाईचा, म्हणजे स्टेचा अर्ज. समोरचे वकील म्हणतात, इसार म्हणजे मालकी नव्हे. अहो, निकाल लागेस्तोवर प्लॉटच विकला गेला तर निकाल घेऊन करू काय? इसारपत्र नोंदवलेलं असेल तर स्टे मिळायलाच पाहिजे.

प्लॉटमालकीण : भाऊ, मला हे अजिबात पटत नाही. माझ्या सासऱ्यांच्या प्लॉटवर एकानं ५० हजार टोकन देऊन एकतर्फी स्टे आणला. बाकीचे पैसे द्यायची त्याची ऐपतच नव्हती. त्या पैशातून नणंदेचा हिस्सा द्यायचा होता. सहा वर्षं झाली, ती घरी येत नाही. एकतर्फी मनाई दिली तर अर्ज ३० दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न करावा, असं दिवाणी प्रक्रिया संहितेचा ऑर्डर ३९ नियम ३-अ सांगतो. आमच्याकडे से, म्हणजे आमचं लेखी म्हणणं, आल्यावरही तारखाच पडत गेल्या. आणि अशा मनाईची भरपाई त्याच संहितेच्या कलम ९५ खाली किती? जास्तीत जास्त ५० हजार!

सिव्हिल लाईन्सचा वकील : इसारानं जमिनीत हक्क निर्माण होत नाही, हे मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५४ मध्येच आहे. म्हणून स्टे आपोआप मिळत नाही. प्रथमदर्शनी केस, सोयीचा समतोल (स्टे दिल्या-न दिल्यानं जास्त गैरसोय कुणाची), भरून न निघणारं नुकसान, तिन्ही दाखवावं लागतं. सुप्रीम कोर्टानं १९९१ मध्ये दलपत कुमार प्रकरणात हेच सांगितलं, तोही घरविक्रीचाच वाद होता. बेसावाले, आधी लिस पेंडन्सची, म्हणजे प्लॉटवर दावा चालू असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवा. मग दाव्यादरम्यान घेणाराही निकालाला बांधील राहतो. माझं मत विचाराल तर स्टे मागणाऱ्यानं उरलेली रक्कम कोर्टात भरावी. खरा खरेदीदार लगेच कळतो.

बेसावाला : नोटीस नोंदवतो, पण त्यानं बांधकाम थांबते का? चार मजले चढल्यावर ताबा मिळवायला माझं म्हातारपण जाईल. आणि अकरा लाख भरू कुठून? बँकेचं मंजुरीपत्र आहे, पण विक्रीपत्राशिवाय बँक पैसे सोडत नाही. पैसे भरण्याची अट घातली तर स्टे फक्त पैसेवाल्यालाच मिळेल. काहून?

सिव्हिल लाईन्सचा वकील : हे मान्य. कोर्टानं सांगितल्याशिवाय पैसे भरलेच पाहिजेत असं करारपूर्तीच्या दाव्यांना लागू असलेल्या विशिष्ट अनुतोष कायद्याचं कलम १६ म्हणत नाही. तयारी मात्र दाखवावीच लागते.

प्लॉटमालकीण : मग ते मंजुरीपत्र अर्जाला जोडा. आमच्या माणसाकडे तसा एक कागद असता तर सासऱ्यांनी स्वतः जाऊन विक्रीपत्र करून दिलं असतं. फक्त स्टे मिळाल्यावर तुम्ही तारखा मागू नका.