मदत हवी आहे: या उजेडापासून माणसं वाचवू कशी?

कादंबरी लिहितोय, जग पूर्ण काल्पनिक. तिथल्या माळावर रात्री जमिनीच्या भेगांतून निळसर उजेड वर येतो. आवाज नाही, धग नाही. पण त्यात माणसाची सावली मागं पडत नाही, उजेडाकडे पडते अन् लांबत जाते. सावलीचं टोक भेगेला टेकलं की माणूस चालत निघतो, तो परत येत नाही.

कल्पना शेतातच सुचली. कपाशीत आम्ही प्रकाश सापळा लावतो: वर दिवा, खाली पाण्यात थोडं रॉकेल. पतंग आपणहून येऊन पडतात.

मित्र वाचून म्हणाला, "अबे, हा तं चकवाच झाला!" तसा नकोय. चकवा रात्रभर गोल फिरवतो, पहाटे सुटका तरी होते. माझ्या उजेडात ती सोय नाही.

अडलंय ते इथं: पाठीमागं दुसरा कंदील धरला तर? त्याचीही सावली उजेडाकडेच पडणार, म्हणजे मरण लवकर. समोर धरला तर दोन सावल्यांची ओढाताण होईल का? आणि आडवं झोपलेल्या माणसाचं काय?

उपाय त्या जगाच्या नियमात बसणारा हवा. मंत्र-ताईत सुचवू नका, ते मी पहिल्याच खर्ड्यात काढून टाकलेत.