किनाऱ्यावरचे सँड प्लोव्हर पक्षी वेगळे कसे ओळखायचे? आणि नाशिकहून कोणत्या तिथीला निघावे?

गोदाकाठ

नमस्कार मंडळी. नाशिकजवळच्या नांदूर मध्यमेश्वरच्या पाणथळ अभयारण्यात नेहमीचे जाणे आहे. बदके, शेकाट्या, ब्लॅक-टेल्ड गॉडविट, वुड सँडपायपर, टेमिंक्स स्टिंट इथपर्यंत अडचण येत नाही. डहाणू-चिंचणीच्या किनाऱ्यावर मात्र सगळेच राखाडी, सगळेच पळणारे, आणि बहुतेक वेळा लांब.

सोबत एकाच पक्ष्याचे पाच फोटो टाकले आहेत. चिंचणी, जानेवारी, सकाळची वेळ. वरून राखाडी-तपकिरी, खालून पांढरा, छातीच्या दोन्ही कडांना राखाडी डाग, मानेमागे पांढरी पट्टी नाही. चोच काळी, पाय काळपट. मर्लिन (पक्षी ओळखणारे ॲप) पहिल्या फोटोवर ग्रेटर सँड प्लोव्हर म्हणते आणि तिसऱ्यावर टिबेटन सँड प्लोव्हर.

विचारायचे असे:
१) ग्रेटर की टिबेटन, आणि कशावरून?
२) भरती-ओहोटीची वेळ नाशिकहून निघताना कशी बसवायची? पुढच्या रविवारी षष्ठी आहे, चालेल का?
३) ८×४२ दुर्बीण आहे. तेवढ्यावर भागेल की स्पॉटिंग स्कोप लागेलच?

चिखल्या

मानेमागे पांढरी पट्टी नाही हे तुम्ही आधी पाहिलेत ते बरे केलेत, त्याने केंटिश प्लोव्हर बाद होतो. फक्त एक सांभाळा: केंटिश वाऱ्यात मान खांद्यात ओढून बसला की त्याची पट्टी दिसेनाशी होते. तो चालू लागेपर्यंत थांबायचे.

आता ग्रेटर की टिबेटन. रंग बाजूला ठेवा, हिवाळ्यात दोघांचा रंग सारखाच असतो. चोच मोजा. चोचीच्या मुळापासून डोळ्याच्या मागच्या कडेपर्यंतचे अंतर घ्यायचे आणि ते चोचीच्या लांबीशी ताडून बघायचे. चोच त्या अंतराएवढी किंवा आखूड असेल तर टिबेटन, स्पष्ट लांब असेल तर ग्रेटर. शिवाय टिबेटनची चोच बुटकी आणि टोकाला बोथट, ग्रेटरची जाड असूनही टोकाकडे निमुळती होत गेलेली.

ही मोजणी पक्षी अगदी आडवा, एका कुशीवर असेल तरच खरी. तुमच्या पहिल्या, दुसऱ्या आणि तिसऱ्या फोटोत त्याचे तोंड थोडे कॅमेऱ्याकडे वळले आहे. तसे झाले की चोच आखूड भासते, म्हणजे ग्रेटरसुद्धा टिबेटन वाटू शकतो. मर्लिन तिसऱ्यावर घसरले ते बहुधा यामुळेच. चौथा फोटो बरोबर आडवा आहे. तो मोठा करून पट्टी लावली तर चोच त्या अंतरापेक्षा बरीच लांब भरते आणि टोक निमुळते आहे. माझ्या मते ग्रेटर.

पायांच्या रंगावर जाऊ नका. टिबेटनचे पाय गडद, ग्रेटरचे फिकट हिरवट-राखाडी हे खरे, पण तुमच्या पक्ष्याचे पाय घोट्यापर्यंत ओल्या चिखलाने माखले आहेत आणि चिखलात सगळेच काळे. रंग बघायचाच तर गुडघ्याच्या वरचा भाग बघा. चौथ्या फोटोत तो फिकट दिसतो.

उडताना ग्रेटरची बोटे शेपटीच्या बाहेर डोकावतात, टिबेटनची फारशी नाहीत. हे डोळ्यांनी पकडणे अवघड, सलग फोटो काढले तर एखाद्यात सापडते.

नावाबद्दल: जुन्या पुस्तकांतला लेसर सँड प्लोव्हर आता दोन जातींत विभागला आहे, टिबेटन आणि सायबेरियन. हिवाळी पिसांत हे दोघे वेगळे करायच्या फंदात पडू नये. एप्रिलमध्ये पिसे तांबडी होऊ लागली की कपाळ बघा. पूर्ण रंगावर आलेल्या नराचे कपाळ जवळजवळ काळे असेल तर टिबेटन, पांढरा ठिपका ठळक असेल तर सायबेरियन. शिकायला मार्चअखेर ते एप्रिल हा काळ खरे तर जानेवारीपेक्षा सोपा, फक्त ऊन सोसले पाहिजे.

उधाण-भांग

दुसऱ्या प्रश्नाचे घेतो, कारण माझ्या मते निम्मी ओळख इथेच ठरते. पक्षी अर्धा किलोमीटर लांब असेल तर चोच मोजणार कशाची?

आपल्या किनाऱ्यावर दिवसातून दोनदा भरती येते आणि रोज साधारण पाऊण तास उशिरा. कोकणातला जुना हिशेब सोपा आहे: तिथीची पाऊणपट करा, तितक्या वाजता पूर्ण भरती. मग ती तिथी शुद्ध असो वा वद्य. अष्टमीला ६, द्वादशीला ९, चतुर्दशीला साडेदहा. हा ढोबळ अंदाज झाला, जागेनुसार पुढेमागे होतो. दिवस ठरवायला तिथी वापरा, नेमकी वेळ त्या किनाऱ्याच्या भरतीच्या तक्त्यावरून घ्या.

पूर्ण ओहोटीला पोचलात तर चिखल लांबवर उघडा पडलेला आणि पक्षी पार पाण्याच्या कडेला ठिपक्यांएवढे. पूर्ण भरतीला पोचलात तर पुळण (वाळूचा किनारा) पाण्याखाली आणि पक्षी मिठागरांत किंवा खाजणामागे निघून गेलेले. हवी ती वेळ भरतीच्या आधीची दोन-अडीच तास. पाणी चढत येते तसतसे ते पक्ष्यांना तुमच्याकडे ढकलते, तुम्ही फक्त एका जागी बसून राहायचे.

दुसरी गोष्ट उजेड. समुद्र पश्चिमेला, म्हणजे सकाळी ऊन तुमच्या पाठीवर आणि पक्ष्यावर. दुपारनंतर ऊन डोळ्यांत आणि पक्षी नुसता काळा आकार. दहाच्या पुढे वाळूवरून हवा थरथरू लागते, स्कोपमध्ये चोचीची कडच ठरत नाही. म्हणून भरती नऊ ते अकराच्या दरम्यान येईल असा दिवस निवडायचा. तो येतो द्वादशी ते चतुर्दशीला. त्यातही नाशिककरांना चतुर्दशी बरी: त्र्यंबक, मोखाडा, जव्हार, कासा, चारोटी असे चार तास धरा, पहाटे चारला निघाला की आठला किनाऱ्यावर. द्वादशीला जायचे तर आदल्या रात्री मुक्काम करावा.

तुमची षष्ठी: भरती पहाटे साडेचारला आणि पुन्हा संध्याकाळी पाचच्या सुमारास, ओहोटी पावणेअकराला. म्हणजे सकाळी पाणी सतत मागे सरकणार. ती भांगाच्या (सर्वांत कमी चढउताराच्या भरतीच्या) आसपासची तिथी असल्याने पाणी उधाणासारखे दूर जात नाही, एवढाच दिलासा. रविवार बदलता येत नसेल तर उघडी पुळण सोडा आणि खाडीचे मुख धरा. तिथे चिंचोळ्या पाण्याच्या दोन्ही काठांवर पक्षी जवळ राहतात. दुपारी अडीचनंतर हवे तसे चढते पाणी मिळेल, पण तेव्हा खाडीच्या अशा काठावर उभे राहा की तोंड पूर्वेकडे असेल.

मिठागर

वरच्या दोघांशी सहमत, थोडी भर.

स्कोप: पुळणीसाठी हवाच. २० ते ६० पट आणि ६५ मिमीच्या पुढची काच पुरते. ६० पटीवर मात्र कोणी बघत नाही, हवा स्थिर असली तरी २५ ते ३५ मध्येच चित्र स्वच्छ असते. तिवई जड घ्या, मधला दांडा वर काढू नका, समुद्राच्या वाऱ्यात तोच हलतो. स्कोप नसेल तर ८×४२ घेऊन पुळणीऐवजी भांडुप किंवा ऐरोलीकडे ठाणे खाडीला जा. २०२२ पासून तीही आपल्या नांदूरसारखी रामसर यादीत (आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या) आहे. ऐरोलीच्या बोटीची वेळ भरतीवर ठरते, तेव्हा आधी चौकशी करा. रोहितांच्या (फ्लेमिंगोंच्या) गर्दीत चोच बघा: गुलाबी चोच आणि फक्त टोक काळे तो मोठा रोहित, सगळीच चोच गडद लालसर-काळी तो लहान.

नांदूरच्या सरावाचा किनाऱ्यावर उपयोग होतो, पण काही जोड्या तिथे बदलतात. गॉडविट दिसला की आपण सवयीने ब्लॅक-टेल्ड म्हणतो. पुळणीवर बार-टेल्ड असू शकतो: चोच किंचित वर वळलेली, पाठीवर रेघा, गुडघ्यावरचा पाय आखूड. उडाला की प्रश्नच मिटतो. ब्लॅक-टेल्डच्या पंखात ठळक पांढरा पट्टा, बार-टेल्डला तो नाही. स्टिंटचेही तसेच. चिखलाच्या काठी एकटा-दुकटा, पिवळट पायांचा टेमिंक्स नांदूरला ओळखीचा. पुळणीवर थव्याने टोचत फिरणारे काळ्या पायांचे बहुधा लिटल स्टिंट. त्यांच्यात जरा मोठा, खाली वळलेल्या चोचीचा कोणी दिसला की उडेपर्यंत डोळा काढू नका. कंबर पांढरीशुभ्र असेल तर कर्ल्यू सँडपायपर, मधोमध काळी रेघ असेल तर डनलिन. बसलेल्या पक्ष्याच्या चोचीचा बाक फसवा असतो, दोघांतही लांबी कमीजास्त भेटते.

कुरवांचे (गल पक्ष्यांचे) थोडक्यात. ब्राउन-हेडेड आणि ब्लॅक-हेडेड बसलेले असताना डोके बघून उपयोग नाही, हिवाळ्यात दोघांच्याही कानामागे नुसता डाग उरतो. प्रौढाचा डोळा बघा, फिकट तो ब्राउन-हेडेड. उडताना पंखाचे टोक: काळ्या टोकात पांढरी खिडकी असेल तर ब्राउन-हेडेड, पुढची कड लांबट पांढरी आणि काळे फक्त मागच्या कडेला असेल तर ब्लॅक-हेडेड. मोठ्या कुरवांसाठी वेगळा धागा काढा, इथे मावणार नाही.

गोदाकाठ

चिखल्या, उधाण-भांग, मिठागर, तिघांचेही आभार. रविवार बदलून चतुर्दशी धरतो. चौथ्या फोटोवर पट्टी लावून पाहिली, चोच खरंच लांब भरते. ईबर्डवर (पक्षीनोंदींच्या संकेतस्थळावर) ग्रेटर लिहू का? की दोन्ही नावे तिरप्या रेघेने जोडलेली नोंद असते, ती करू?

चिखल्या

चौथा फोटो जोडणार असाल तर ग्रेटर लिहा, शेऱ्यात चोचीची मोजणी आणि गुडघ्यावरचा रंग लिहा. फोटो नसता तर तिरप्या रेघेची नोंदच योग्य होती. थव्यातले बाकीचे सगळे ग्रेटर धरू नका. आपल्याकडे मोठ्या थव्यात बहुसंख्य टिबेटन असतात आणि ग्रेटर मध्येमध्ये. शेजारी उभे असतील तर ग्रेटर उंच आणि डोक्याने मोठा दिसतो. एकेकटा असताना आकारावरून ठरवू नये.

तिवर

पायात रंगीत झेंडी असलेला पक्षी दिसला तर झेंडीचा रंग, त्यावरची अक्षरे, ती डाव्या पायात की उजव्या (डावा-उजवा पक्ष्याचा, आपला नव्हे), गुडघ्याच्या वर की खाली, आणि दोन असतील तर वरची कोणती, हे सगळे टिपून बीएनएचएसला (बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीला) कळवा. अक्षरे वाचता आली नाहीत तरी रंगांच्या क्रमावरून कोणत्या देशात कडे घातले ते कळते.

भरतीच्या वेळी थवा एकत्र बसला की त्याच्या दिशेने चालत जाऊ नका. सगळे उडाले तर तुमची सकाळ तिथेच संपते, कारण पाणी उतरेपर्यंत ते परत बसत नाहीत. त्यांनी मान वर काढून इकडेतिकडे पाहायला सुरुवात केली की तिथेच थांबायचे.

घरी आल्यावर स्कोप आणि तिवईचे पाय गोड्या पाण्यात भिजवलेल्या फडक्याने पुसा. काच कोरडी पुसू नका, मिठाचे कण ओरखडे पाडतात. आधी फुंकणीने उडवा.

आणि गोदाकाठ, पाचव्या फोटोत तुमच्या ग्रेटरच्या मागे डावीकडे धावतोय तो कोण ते पाहिलेत का? आखूड नारिंगी-पिवळे पाय, लांब चोच वर वळलेली. तो टेरेक सँडपायपर आहे, त्याचीही नोंद करून टाका.