मदत हवी आहे: यूपीएस (युनिफाइड पेन्शन स्कीम) घेतल्यावर सरकारचा वाटा १४ वरून १० टक्के झाला, आणि माझ्यानंतर मुलीला काय मिळेल?

नमस्कार मंडळी,

मी नागपूरला केंद्र सरकारच्या एका कार्यालयात लिपिक आहे. २००७ मध्ये माझे यजमान नोकरीत असतानाच गेले. १ ऑगस्ट २००८ पासून मी अनुकंपा तत्त्वावर नोकरीला लागले, तेव्हा चाळिशीची होते. ३१ जुलै २०२८ ला साठ वर्षे पूर्ण होऊन निवृत्त होईन. म्हणजे बरोबर वीस वर्षांची नोकरी. यजमान जुन्या पेन्शनमधले होते, त्यांचे कुटुंब निवृत्तिवेतन मला मिळते. मी स्वतः मात्र एनपीएसवाली (राष्ट्रीय पेन्शन योजनेतली), कारण १ जानेवारी २००४ नंतर लागलेली.

यूपीएस घ्यायची की नाही यावर आमच्या सेक्शनमध्ये वर्षभर चर्चा चालली होती. पर्याय द्यायची मुदत आधी ३० जून २०२५ होती, मग ३० सप्टेंबर झाली, मग ३० नोव्हेंबर. मी शेवटच्या आठवड्यात अर्ज दिला. माझे सासरे जुन्या पेन्शनवर होते. जानेवारी-जुलैला महागाईची वाढ आली की सासूबाईंच्या चेहऱ्यावर जो निवांतपणा यायचा तो मी डोळ्यांनी पाहिला आहे. सही केली ती खरे तर त्यामुळेच.

आता प्रानचे (पेन्शन खात्याच्या क्रमांकाचे) स्टेटमेंट उघडले तर पोटात गोळाच आला. माझे मूळ वेतन ३४,००० रुपये, महागाई भत्ता ५८ टक्के, दोन्ही मिळून ५३,७२०. माझे दहा टक्के, म्हणजे ५,३७२ रुपये, पूर्वीसारखेच कापले जातात. पण सरकारचा वाटा आधी ७,५२१ रुपये जमा व्हायचा, तो आता ५,३७२ दिसतो. यूपीएसमध्ये सरकार साडेअठरा टक्के भरते असे सगळीकडे सांगत होते. मग माझ्या खात्यातले चार टक्के उलट कमी कसे झाले?

दुसरी गोष्ट जास्त लागली. माझ्यानंतर यूपीएसची रक्कम फक्त जोडीदाराला मिळते असे ऑफिसातल्या एका सहकाऱ्याने सांगितले. मला जोडीदार नाही. एक मुलगी आहे, लग्न होऊन अमरावतीला असते. निवृत्तीनंतर दोन वर्षांत माझे काही बरेवाईट झाले, तर वीस वर्षे कापलेला हा पैसा कुठे जाणार? मी घाईत चूक केली का? आणि परत एनपीएसमध्ये जाता येते का?

आणखी एक. पगारातून कपात सप्टेंबर २००८ पासून झाली, पण स्टेटमेंटमधली पहिली जमा जानेवारी २००९ ची आहे. चार महिने कुठेच दिसत नाहीत. तेव्हा मला यातले काही कळत नव्हते, घरचेच इतके होते. आता विचारावे का, की फार उशीर झाला?

जाणकारांनी कृपया सांगा.

*

प्रतिसाद:

ताई, आधी पहिली शंका. साडेअठरा टक्के खरेच आहेत, पण ते दोन वेगळ्या भांड्यांत पडतात. तुमचे दहा आणि सरकारचे दहा तुमच्या नावावरच्या वैयक्तिक निधीत जातात. उरलेले साडेआठ टक्के एका सामायिक निधीत. तुमच्या पगारावर ते महिन्याला साधारण ४,५६६ रुपये होतात. हा सामायिक निधी सगळ्या यूपीएसवाल्यांचा मिळून असतो. खात्रीच्या पेन्शनला आधार म्हणून तो आहे, कुणा एकाच्या नावावर नाही. म्हणून स्टेटमेंटमध्ये तो दिसणार नाही, आज नाही आणि निवृत्तीच्या दिवशीही नाही.

एनपीएसमध्ये सरकारचे चौदा टक्के थेट तुमच्या नावावर पडत होते. १ एप्रिल २०१९ च्या आधी तेही दहाच होते. दोन्हींतला फरक असा की एनपीएसमध्ये सरकार नक्की किती भरणार ते ठरलेले आहे, हातात किती पडेल ते नाही. यूपीएसमध्ये हातात किती पडेल ते ठरलेले, आणि त्यासाठी लागेल ते सरकारने बघायचे.

तुमचा हिशोब असा. शेवटच्या बारा महिन्यांच्या सरासरी मूळ वेतनाचा अर्धा भाग, पण तो पंचवीस वर्षे नोकरी झाली असेल तर. तुमचे २४० महिने होतात, म्हणून ३०० पैकी २४० या प्रमाणात. सरासरी ३४,००० च धरली तर निम्मे १७,०००, त्याचे १३,६००. त्यावर महागाई मदत. आजच्या ५८ टक्क्यांनी महिन्याला २१,४८८ रुपये. शिवाय एकरकमी: दर पूर्ण सहामाहीला पगार अधिक महागाईचा दहावा हिस्सा. तुमच्या चाळीस सहामाह्या, म्हणजे २,१४,८८० रुपये. याने पेन्शन कमी होत नाही. ग्रॅच्युइटी याहून वेगळी, ती एनपीएसमध्येही मिळते आणि यूपीएसमध्येही. तुमची दहा महिन्यांच्या पगाराइतकी, ५,३७,२०० च्या आसपास. आठव्या वेतन आयोगाने मूळ वेतन बदलले तर हे आकडे बदलतील, रीत तीच राहील.

मी लेखा विभागातून निवृत्त झालो आहे, म्हणून जरा लांबण लावले.

*

प्रतिसाद:

सहकाऱ्याने सांगितले ते दुर्दैवाने बरोबर आहे. निवृत्तीनंतर पेन्शनधारक गेल्यास साठ टक्के रक्कम हयात जोडीदाराला मिळते, तीही निवृत्तीच्या वेळी विवाहबंधनात असलेल्या जोडीदाराला. मुलांना नाही. पेन्शन सुरू होताना वैयक्तिक निधी सामायिक निधीत वर्ग होतो, तो वारसाला परत येत नाही.

एनपीएसमध्ये साठ टक्के रक्कम करमुक्त हातात येते आणि किमान चाळीस टक्क्यांची ॲन्युइटी, म्हणजे विमा कंपनीकडून विकत घेतलेली पेन्शन, घ्यावी लागते. ‘खरेदी किंमत परत’ हा प्रकार घेतला तर तुमच्यानंतर ते चाळीस टक्केही नामनिर्देशित व्यक्तीला मिळतात. तुमच्या परिस्थितीत मी परत फिरलो असतो. यूपीएसमधून एनपीएसमध्ये जायची सोय एकदाच आहे आणि निवृत्तीच्या किमान एक वर्ष आधी अर्ज लागतो. म्हणजे तुमच्यासाठी ३१ जुलै २०२७ च्या आत. पुन्हा यूपीएसमध्ये येता येणार नाही. यूपीएसच्या काळात जे चार टक्के कमी पडले, ते परत फिरणाऱ्यांना बाहेर पडताना एनपीएस निधीत गुंतवणुकीवरच्या वाढीसह जमा होणार आहेत. त्यामुळे तेवढ्यापुरते नुकसान नाही.

*

प्रतिसाद:

ताई, मी तुमच्याच वयाची, शाळेतून निवृत्त झालेली. एवढेच सांगते की मुलीसाठी ठेवायच्या नादात स्वतःचे महिन्याचे पैसे कमी करू नका. मुलीचा संसार उभा आहे. आजारपण तुम्हाला एकटीला काढायचे आहे.

*

धागाकर्ती:

सर्वांचे मनापासून आभार. साडेअठराचे कोडे आता कळले. हे इतक्या सोप्या शब्दांत आम्हाला कुणी सांगितले नव्हते. प्रशिक्षणात सगळे टक्के एकाच तक्त्यात होते.

पण आता दोन्ही बाजूंनी मन ओढते आहे. माझ्या खात्यात आज २५ लाखांच्या जवळपास आहेत. निवृत्तीपर्यंत ३० लाख होतील असे धरले, तर एनपीएसमध्ये किती पडतील आणि यूपीएसमध्ये किती, हे कुणी शेजारी शेजारी मांडून दाखवेल का?

*

प्रतिसाद (लेखा विभागातून निवृत्त):

मांडतो. यात एक तिसरी वाटही आहे, जी या धाग्यात अजून कुणी सांगितली नाही, आणि माझ्या मते तुमच्यासाठी तीच सर्वांत महत्त्वाची आहे.

एनपीएस: ३० लाखांतले १८ लाख हातात, १२ लाखांची ॲन्युइटी. मूळ रक्कम परत देणाऱ्या प्रकारात सहा टक्के धरले तर महिन्याला ६,००० रुपये. ते आयुष्यभर ६,००० च, महागाई नाही. १८ लाख पोस्टातल्या ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत ठेवले तर सध्याच्या ८.२ टक्क्यांनी महिन्याला १२,३०० पडतील, व्याज दर तीन महिन्यांनी. एकूण १८,३००. तुमच्यानंतर मुलीला पूर्ण ३० लाख.

पूर्ण यूपीएस: वर सांगितलेले २१,४८८, आणि २,१४,८८० एकरकमी. महागाई मदत वर्षाला पाच टक्क्यांनी वाढली असे धरा, तर दरवर्षी ६८० रुपये वाढ. आज फरक तीन हजारांचा दिसतो, दहा वर्षांनी तो दहा हजारांच्या घरात जाईल. मुलीला यातून काही नाही.

तिसरी वाट: यूपीएसमध्येच निवृत्तीच्या वेळी वैयक्तिक निधीच्या साठ टक्क्यांपर्यंत रक्कम काढता येते. जेवढा भाग काढाल त्याच प्रमाणात पेन्शन कमी होते. साठ टक्के काढले तर १३,६०० चे ५,४४० उरतात, त्यावर महागाई मदत धरून ८,५९५. काढलेले १८ लाख पोस्टात ठेवले तर १२,३००. एकूण २०,८९५. पूर्ण यूपीएसपेक्षा आज फक्त सहाशे रुपयांनी कमी, आणि १८ लाख तुमच्या नावावर, नामनिर्देशन मुलीचे. ती २,१४,८८० ची रक्कम यातही मिळतेच.

एनपीएसशी तुलना केली तर मुलीला १२ लाख कमी, पण तुम्हाला ६,००० च्या जागी ८,५९५ आणि तेही वाढते. पोस्टाची योजना पाच वर्षांची असते, पुढचा दर तेव्हा असेल तो. म्हणून वाढणारी रक्कम थोडी तरी हातात असावी असे माझे मत. पण तुमच्याकडे यजमानांचे कुटुंब निवृत्तिवेतन आहे, आणि त्यावरही महागाई मदत मिळते. महिन्याच्या खर्चाचा पाया तिथे पक्का आहे. त्यामुळे सगळाच्या सगळा निधी पेन्शनमध्ये बदलायची गरज तुम्हाला इतरांइतकी नाही.

आता ते चार महिने. ताई, उशीर झालेला नाही, पण आता एक दिवसही दवडू नका. यूपीएसमध्ये एक मानक निधी मोजतात: तुमच्या नोकरीच्या प्रत्येक महिन्याचे अंशदान वेळेवर जमा झाले असते तर निधी किती झाला असता, तो आकडा. प्रत्यक्ष निधी त्यापेक्षा कमी भरला तर पेन्शन त्या प्रमाणात कमी होते, नाहीतर तूट तुम्हाला भरावी लागते. म्हणजे २००८ चे चार महिने नुसते चार महिने नाहीत, त्यांच्यावरची अठरा-वीस वर्षांची वाढही त्यात आली. ३१ जानेवारी २०१९ च्या अधिसूचनेत केंद्र सरकारने २००४ ते २०१२ या काळात न भरलेल्या किंवा उशिरा भरलेल्या अंशदानावर भविष्य निर्वाह निधीच्या दराने व्याज द्यायचे मान्य केले आहे. त्याचा हवाला देऊन डीडीओमार्फत (तुमच्या कार्यालयातले पगार काढणारे अधिकारी) पीएओकडे (वेतन व लेखा कार्यालय) लेखी अर्ज करा. सोबत त्या महिन्यांच्या पगारपावत्या. नसतील तर वेतनदेयकाच्या कार्यालयीन प्रतीवरून दाखला मागा. पोच घ्या, तोंडी विचारू नका.

*

प्रतिसाद:

मी वर परत फिरा म्हणालो होतो, ते मागे घेतो. अंशतः रक्कम काढायची सोय माहीत होती, पण हिशोब कधी करून पाहिला नव्हता. जोडीदार नसलेल्यांसाठी आकडे खरेच वेगळे दिसतात. एक सुचवतो: २०२७ च्या मार्चमध्ये निधी आणि तेव्हाचे मूळ वेतन घेऊन हेच गणित पुन्हा करा. मूळ वेतन वाढले की यूपीएसचा आकडा लगेच वाढतो, निधी तितक्या लगेच वाढत नाही. आणि नामनिर्देशन तपासा. आमच्या एका सहकाऱ्याच्या प्रानवर लग्नाआधीचे, वारलेल्या आईचे नाव शेवटपर्यंत तसेच होते.

*

धागाकर्ती:

मंडळी, रात्री मुलीला फोन करून तिन्ही हिशोब वाचून दाखवले. ती म्हणाली, “आई, माझ्यासाठी काही ठेवू नकोस.” तरीही मला तिसरी वाटच पटते आहे. कुटुंब निवृत्तिवेतनाकडे मी आजवर यजमानांची आठवण म्हणूनच पाहत आले, माझ्या म्हातारपणाचा पाया म्हणून ते कधी धरलेच नव्हते.

आज नामनिर्देशन पाहिले, मुलीचे नाव आहे, पण आडनाव लग्नाआधीचे आणि बँक खाते जुने. ते बदलायला दिले.

पगारपावत्यांचा पुठ्ठ्याचा डबा माळ्यावरून काढला. सप्टेंबर, ऑक्टोबर आणि डिसेंबर २००८ च्या पावत्या सापडल्या, तिन्हींवर कपात स्पष्ट दिसते. नोव्हेंबरची नाही. सोमवारी अर्ज देणार आहे. २००४ ते २०१२ मधले अंशदान व्याजासकट मिळवलेले कुणी इथे असेल, तर अर्जाचा मसुदा आणि किती महिने लागले ते कृपया सांगा. नोव्हेंबरसाठी वेतनदेयकाची प्रत मागताना नेमके काय लिहायचे, तेही हवे आहे.