याकोव्ह पेरेलमान यांचे जुने पुस्तक आठवीतल्या मुलीला द्यावे का?

आठवीची आई

नमस्कार. माहेरी माळ्यावरची पेटी आवरताना वडिलांच्या संग्रहात याकोव्ह पेरेलमान यांच्या ‘फिजिक्स फॉर एंटरटेनमेंट’चे दोन्ही खंड सापडले. मॉस्कोच्या मीर प्रकाशनाची प्रत आहे. पाने पिवळी पडली असली तरी बांधणी शाबूत आहे. माझी मुलगी यंदा आठवीत आहे. विज्ञानात तिला गुण उत्तम मिळतात, परंतु धड्याखालच्या स्वाध्यायापलीकडचा एखादा प्रश्न तिने स्वतःहून विचारल्याचे मला आठवत नाही. हे पुस्तक तिला द्यावे असे मनात आले, तेव्हा घरातूनच शंका निघाली की, ज्या काळात उपग्रह नव्हते, ट्रान्झिस्टर नव्हता, संगणक नव्हता, त्या काळातले विज्ञान आजच्या मुलांनी का वाचावे? जाणकारांनी मत द्यावे. शिवाय, मोठे पारितोषिक नाकारणारे रशियन गणिती पेरेलमान ते हेच का?

जुना वाचक

शेवटच्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो. पारितोषिक नाकारणारे ते ग्रिगोरी पेरेलमान. त्यांचे आणि याकोव्ह यांचे आडनाव तेवढे एक आहे, नाते नाही.

याकोव्ह पेरेलमान यांचा जन्म 1882 साली बियालिस्टोक येथे झाला. हे गाव तेव्हा रशियन साम्राज्यात होते, आता पोलंडमध्ये आहे. त्यांनी शिक्षण घेतले ते वनशास्त्राचे, सेंट पीटर्सबर्गमध्ये. पण पदवी मिळाल्यावर जंगलात नोकरी न करता त्यांनी मासिकातले लेखन आणि संपादन पत्करले. आपण म्हणता त्या पुस्तकाचा पहिला खंड 1913 साली निघाला आणि दुसरा 1916 साली. पुढे अंकगणित, बीजगणित, भूमिती, खगोलशास्त्र अशा एकेका विषयावर त्यांनी त्याच धर्तीची पुस्तके लिहिली. त्यांच्या नावावर एकही शोध नाही, आणि तरीही चंद्राच्या पलीकडच्या बाजूवरील एका विवराला त्यांचे नाव दिले गेले आहे. 1935 साली लेनिनग्राडमध्ये, म्हणजे सेंट पीटर्सबर्गमध्येच, ‘मनोरंजक विज्ञानाचे घर’ हे विज्ञान संग्रहालय उभे राहिले, त्यामागेही त्यांचाच पुढाकार होता. दुसरे महायुद्ध आले आणि ते बंद पडले. शहराला जर्मन सैन्याचा वेढा पडला असताना हा साठीकडे झुकलेला माणूस सैनिकांना आणि खलाशांना उपकरणांवाचून दिशा आणि अंतर कसे ओळखावे, यावर व्याख्याने देत होता. मार्च 1942 मध्ये त्याच वेढ्यात, उपासमारीने त्यांचा अंत झाला.

पुस्तक शिळे झाले का, याचे उत्तर त्यांच्या प्रस्तावनेतच सापडेल. वाचकाला नवी माहिती देण्यापेक्षा, त्याला आधीच जे ठाऊक आहे ते नीट समजून घ्यायला मदत करणे हा आपला हेतू आहे, अशा आशयाचे त्यांनी लिहिले आहे. आपल्या मुलीला नेमके हेच हवे आहे, असे आपल्या वर्णनावरून वाटते.

भौतिकशास्त्र शिकवणारा

वरील मताशी सहमत आहे. एक उदाहरण जोडतो. ज्यूल व्हेर्न यांच्या कादंबरीत चंद्राकडे निघालेले प्रवासी तोफेच्या गोळ्यात बसतात. भा. रा. भागवतांमुळे व्हेर्न आपल्याकडे घरोघरी पोहोचला, पण त्या तोफेचा हिशोब मांडायला मला लहानपणी कोणी सांगितले नाही. पेरेलमान तो मांडतात. मी वर्गात तो थोडा सोपा करून घेतो. तोफेच्या नळीत गोळ्याला पुढे धावायला साधारण 210 मीटर अंतर मिळते आणि पृथ्वी सोडायची तर वेग सेकंदाला 11 किलोमीटर हवा. आठवी-नववीच्या सूत्रांनी त्वरण काढले तर ते सेकंदवर्गाला 2,88,000 मीटर येते, म्हणजे गुरुत्व त्वरणाच्या सुमारे 29,000 पट. अर्धा किलोची टोपी डोक्यावर असेल, तर त्या क्षणी ती साडेचौदा टनांच्या ओझ्यासारखी दाबेल. प्रवासी तोफेतून बाहेर पडण्यापूर्वीच चिरडले जातील. हे गणित फळ्यावर संपते तेव्हा ज्या मुलांना सूत्रे पाठ करण्याचा कंटाळा असतो, तीच मुले नळी किती लांब केली म्हणजे माणूस जगेल, असे विचारू लागतात.

एच. जी. वेल्स यांच्या कादंबरीतल्या अदृश्य माणसाचेही असेच. शरीराचा अपवर्तनांक (पदार्थात शिरताना प्रकाश किती वळतो याचे माप) हवेइतका झाला तर डोळ्यातले भिंग प्रकाश वळवणार नाही आणि पारदर्शक दृष्टिपटल (डोळ्यातला मागचा पडदा) तो शोषणार नाही; तेव्हा ज्याला कोणी पाहू शकत नाही, त्याला स्वतःलाही काही दिसणार नाही. कादंबरीवर प्रेम असलेला माणूसच तिच्यातली चूक इतक्या मायेने दाखवू शकतो.

वेगळे मत

मला थोडी सावधगिरी सुचवावीशी वाटते. आजच्या आठवीतल्या मुलांनी व्हेर्न किंवा वेल्स वाचलेले असतीलच असे नाही, आणि कथाच माहीत नसेल तर तिच्यातली चूक काढण्यात कसली गंमत? इंग्रजी भाषांतराची भाषाही मराठी किंवा सेमी-इंग्रजी माध्यमातल्या मुलीला जड जाईल. माझ्या मुलाच्या हाती मी हे पुस्तक वाढदिवसाची भेट म्हणून ठेवले, आणि ते वर्षभर कपाटात राहिले. दोष पुस्तकाचा नव्हता, देण्याच्या पद्धतीचा होता. पहिल्या पानापासून वाचायला न लावता एखादा छोटा तुकडा निवडून तो आधी आपण करून पाहावा. कागदाच्या भांड्यात पाणी उकळण्याचा प्रयोग चांगला आहे, पण तो मोठ्यांच्या देखरेखीखालीच करावा.

आठवीची आई

सर्वांचे आभार. शेवटची सूचना मानली आणि धावत्या आगगाडीचा कोणता भाग मागे जात असतो, हा तुकडा काल रात्री तिला मराठीत सांगितला. चाकाची रुळाच्या खाली उतरणारी कड, हे उत्तर तिला अजिबात पटले नाही. मग डब्याच्या झाकणावर त्याहून मोठी पुठ्ठ्याची चकती चिकटवून, झाकण पट्टीच्या कडेवरून घरंगळवत आणि चकतीच्या काठाला लावलेल्या पेन्सिलीने मागच्या कागदावर रेघ उमटवत आम्ही ते तपासले. रेघेला खाली लहानसा मागे वळणारा फास पडला. त्यावर ती म्हणाली, “मग सायकलच्या चाकाचा कोणताच भाग मागे का जात नाही?” मी उत्तर दिलेले नाही. ती खडू घेऊन सायकलपाशी बसली आहे.