जुना मदरबोर्ड चालूच होत नाही, स्कीमॅटिक (सर्किटचा नकाशा) आहे पण सुरुवात कुठून करू?

जुनाट४७८:
सॉकेट ४७८ चा बोर्ड आहे, ८६५ चिपसेट, आयसीएच५ साऊथब्रिज (बोर्डावरची कंट्रोल चिप). पॉवर बटण दाबलं की काहीच नाही, फॅन हलतसुद्धा नाही. एसएमपीएस (पॉवर सप्लाय) दुसऱ्या बोर्डावर मस्त चालतो. स्कीमॅटिकची पीडीएफ मिळालीय पण पानंच्या पानं नुसत्या रेघा आणि नावं. जांभळ्या वायरवर (स्टँडबाय, म्हणजे बंद असतानाही येणारा सप्लाय) ५ व्होल्ट आहेत, हिरवी (पीएसऑन, एसएमपीएस चालू करणारी) मात्र बटण दाबलं तरी खाली येत नाही, वरच अडकलीय. आता कुठल्या पानावर काय बघू?

सोल्डरगन:
स्कीमॅटिक राहू दे, आधी प्रोसेसरजवळचे कपॅसिटर बघ. त्या काळातले बोर्ड म्हणजे फुगलेले कपॅसिटर. बदलताना लो ईएसआरच (आतला रेझिस्टन्स कमी असलेले) घे, साधे टिकत नाहीत.

रेघोट्या:
कपॅसिटर बदलावे लागतीलही, पण ही लक्षणं त्यांची वाटत नाहीत. हिरवी खालीच येत नाहीये म्हणजे १२ व्होल्ट अजून सुटलेच नाहीत, मग व्हीआरएम (प्रोसेसरला व्होल्टेज देणारा भाग) चांगला की वाईट हा प्रश्नच येत नाही. सगळी पानं वाचू नकोस. पॉवर सीक्वेन्सचं पान असेल तर ते उघड, नसेल तर एटीएक्स कनेक्टरचं, आणि हिरव्या वायरपासून उलटं मागे ये. पीएसऑन खाली कोण ओढतं? बहुतेक सुपर आयओ चिप किंवा एखादा ट्रान्झिस्टर. त्याला कोण सांगतं? साऊथब्रिजचा एसएलपी_एस३# सिग्नल, तो वर गेला पाहिजे. (नावामागे # म्हणजे खाली असताना ॲक्टिव्ह, सुरुवातीला इथेच गोंधळ होतो.) आणि आरएसएमआरएसटी# (स्टँडबाय सप्लाय तयार आहे हे सांगणारा सिग्नल) ३.३ ला गेल्याशिवाय साऊथब्रिज बटणाकडे ढुंकूनही बघत नाही, आणि त्यासाठी ३.३ चा स्टँडबाय लागतो. तो मोज आधी. बॅटरीचे ३ व्होल्ट आणि क्लिअर सीमॉसचा जंपर पण बघून घे. ३२.७६८ किलोहर्ट्झचा क्रिस्टल मल्टीमीटरने कळणार नाही, त्याच्या नादी नंतर लाग.

जुनाट४७८:
स्टँडबाय ३.३ च्या जागी १.१ दाखवतोय!! आणि त्याचा रेग्युलेटर हात लावला तर चटका. रेग्युलेटर बदलू का?

रेघोट्या:
थांब, गरम आहे म्हणजे पुढे कोणीतरी करंट खातंय, नवाही तसाच तापेल. प्लग काढून त्या लाइनचा ग्राउंडशी रेझिस्टन्स घे. मग पीडीएफमध्ये नेटचं (त्या लाइनचं) नाव सर्च मार, किती पानांवर जातं ते दिसेल, साऊथब्रिज, सुपर आयओ, आणि बहुतेक लॅन चिप. लॅनच्या वाटेत फेराइट बीड (लाइनमधला छोटा फिल्टर पार्ट) असतो, तो उचल आणि परत मोज. रेझिस्टन्स वाढला तर लॅन चिप गेलीय, बोर्ड तिच्याशिवाय चालतो. पण एक, बोर्डावर छापलेली रिव्हिजन आणि पीडीएफची रिव्हिजन जुळतेय का बघ, नाहीतर बोर्डावर नसलेला पार्ट शोधत बसशील.

सोल्डरगन:
ओके केस वेगळी आहे, मान्य. बेंच सप्लाय असेल तर त्या लाइनला १ व्होल्ट दे, करंट लिमिट लावून, आणि वर आयसोप्रोपिल अल्कोहोल टाक. जिथलं आधी सुकेल तोच चोर. लॅन न निघता साऊथब्रिज तापला तर मात्र बीजीए रीवर्कची (खालून सोल्डर केलेली चिप काढून बदलण्याची) तयारी हवी, नसेल तर सोड तो बोर्ड.